पाचवं रीळ

त्याचं नाव पडद्यावर येई
तेव्हा लोक खुर्च्या शोधत असत.
पटकथा : झुराब त्सिन्त्सकिलाद्झे.
अडीच सेकंद. मी मोजलेत.

शहात्तरचा डिसेंबर. धंतोलीत
मैत्री मंडळाचा हॉल. मागे प्रोजेक्टरची किरकिर,
पडद्याच्या डाव्या अंगाला टेबललँपच्या उजेडात
माइकपुढे मी, संवादांची यादी धरून
तोंडच्या तोंडी मराठी करणारी.
बाईचा आवाज माझा, बुढ्याचा माझा, शिपायाचाही.

आदल्या दिवशी तो जीटीनं उतरला होता,
शिष्टमंडळातला चौथा, फोटोत अर्धा.
एका सालीत संत्रं सोललं, हुंगलं,
म्हणाला, आमच्या समुद्राकाठी होतात, आंबट असतात.
आम्ही रशियनमधून बोललो.
दोघांचीही नव्हती ती भाषा. म्हणून सावकाश,
एकमेकांच्या चुकांना बसायला जागा देत.

हिशेब त्यानं किराण्याच्या वहीसारखा सांगितला :
पटकथा अकरा. पडद्यावर चार.
दोन मॉस्कोच्या कपाटात.
तिन्हींवर दुसऱ्याची सही, त्या बऱ्या चालल्या.
एक हरवल्याचं कळवलं त्यांनी.
मी बोटांवर बेरीज केली. आणि अकरावी?
ती रोज रात्री बायकोला सांगतो, थोडी थोडी.

युक्ती होती त्याची एक :
म्हाताऱ्याच्या हाती पेला द्यायचा, लांबच लांब भाषण द्यायचं.
समितीच्या कात्रीला काहीतरी लागतंच,
ते कापलं की बाकीचं तगतं.
या खेपेला भाषण राहिलं.
वाक्य गेलं.

रीळ पाच. झडती संपते, तिघं अंगणात उतरतात,
म्हाताऱ्याचे ओठ हलतात
आणि नेमकी आगगाडीची शिट्टी.
त्या गावात रेल्वेच नाही, तो म्हणाला.
मग धोब्याच्या पावतीमागे
जिलब्या पाडल्यासारखं काही लिहिलं,
ती त्याची लिपी.
अर्थ रशियनमधून सांगितला, हळू.
ते दिवस आपल्याकडेही हळूच बोलायचे होते.

दुसऱ्या संध्याकाळी त्रेसष्ट माणसं.
पहिल्या रांगेत माहिती खात्याचे खोरगडे,
डोळे मिटलेले, मांडीवर वही.
रीळ पाच. ओठ. शिट्टी.
यादीत त्या जागी कोरी ओळ.
मी म्हटलं :

जाताना दार लोटून घ्या, साहेब.
आम्ही अजून राहतो इथं.

दारावरचा उकंडराव स्टुलावर पेंगत होता.
धडपडून उठला,
"लोटतो नं बाई, थंडी येऊनच राहिली,"
आणि खरंच दार लोटलं त्यानं,
वरून कडी घातली.
कोणी हसलं नाही.
खोरगडेंचे डोळे उघडे होते.
वहीत काय लिहिलं, ते मला कधी कळलं नाही.
चौथ्या रांगेतल्या त्याला मराठी येत नव्हतं.
पण कडी वाजली तेव्हा तो मागे वळला,
आणि मग बराच वेळ पडद्याकडे पाहिलंच नाही त्यानं.

पुढे पत्रं. सत्याऐंशीचं :
कपाटं उघडली, दोन्ही सिनेमे निघाले,
एकाला बुरशी. सत्कारात माझं नाव चुकलं,
तुमच्या नागपुरात बरोबर घेतलं होतं.
ब्याण्णवचं, मेणाचे डाग पडलेलं :
वीज नाही, पावासाठी रांग,
टाइपरायटरची पेटी शेगडीत गेली.
अकरावी संपत आलीय, शेवट बायकोला आवडत नाही.
त्यानंतर काही नाही.

परवा भाचीनं फोनवर सिनेमा शोधून दिला,
धुऊन पुसून लख्ख केलेला, खाली इंग्रजी अक्षरं.
पाचव्या रिळाशी मी कुकर बंद केला.
म्हाताऱ्याचे ओठ हलले.
शिट्टी तशीच. खाली अक्षरांत
फक्त : आगगाडीची शिट्टी.

धंतोलीत त्या जागी आता रक्त तपासतात.
मागच्या महिन्यात साखरेसाठी गेले होते.
काचेचं दार आहे,
आपलं आपण लागतं.