पाठ क्रमांक सात

पहिला व्हिडिओ चार मिनिटं अकरा सेकंदांचा.
वर लिहिलंय : मुलींचा खो-खो, उपांत्य सामना, जबरदस्त सूर.
सूर मारणारी लातूरची आहे.
बाद होणारी मी.
बत्तीस हजार वेळा बघितला गेलाय तो,
म्हणजे बत्तीस हजार वेळा मी बाद झाले
आणि एकदाही खांबाच्या डावीकडनं निघाले नाही.

दुसरा कळंबच्या मुनीरभाईंचा. ते लग्नाचं शूटिंग करतात.
मैदानही त्यांनी मांडवासारखं टिपलंय :
आधी पाहुणे, मग सत्काराचे नारळ, मग परत पाहुणे,
मध्येच कोपऱ्यातून दोन पोरी पळत जातात.
त्यातली मी कोणती, ते आईला विचारावं लागलं.
आई म्हणाली, पुढची.
कोपर बघ की, तुझ्या बापाचं हाय.

तिसऱ्यात चित्र हलतंय, आवाज मात्र स्वच्छ.
निवेदक ओरडतो, धाराशिवची संगीता बिडवई, वा!
मी संगमेश्वरी बिडवे.
पुढं प्रमाणपत्रही त्याच्याच कागदावरून लिहिलं,
तेव्हा पोलीस भरतीच्या अर्जाला जोडलंय ते संगीताचं आहे.
'वा' तेवढा माझा होता,
तो कुठं छापत नाहीत.

चौथी फीत त्याच सामन्याची,
क्रीडा कार्यालयाच्या कपाटात सापडली, जुन्या पावतीपुस्तकांखाली.
रंग विटून सगळ्या पोरी वांग्याच्या झाल्यात.
तिसऱ्या चौकोनात बसलेली मी.
चेहरा पलीकडं, अलीकडं नुसती पाठ,
पाठीवर दादानं काळ्या चिकटपट्टीनं केलेला सात,
घामानं आडवी पट्टी सुटली म्हणून
एक दिसायलाय.
पावणेदोन मिनिटं मी अशीच.
कॅमेऱ्यात इतका वेळ मी परत कधीच नाही.

मग पाठीवर थाप पडते. खो.
मी उठते आणि चौकटीतून निघून जाते.
जिथं मी होते तिथं वैजयंता येऊन बसते,
कॅमेरा तिच्याकडंच बघत राहतो,
धूळ सरकत येते तिच्या केसांवर,
आणि बाहेरून कुठून तरी शिट्टी.
एवढंच.
त्या शिट्टीत एक गडी आहे, तिची वेणी आहे,
माझ्या तीन बोटांना लागलेली.
ते कुणीच टिपलं नाही.

सोनटक्के साहेबांनी चारही बघितले,
चहा येईपर्यंत, चहा संपल्यावर परत एकदा.
म्हणाले, खरं बोलायलीस असं वाटतंय.
पण पोरी, तू यात दिसतीस कुठं?
पहिल्यात पडलीस, दुसऱ्यात पळालीस,
तिसऱ्यात नाव दुसरीचं.
आणि ह्या पाठीवर मी सही कशी करू?

खिडकीबाहेर पोरं डबे घेऊन शाळेला निघाली होती.
मी खाली बघितलं.
कार्यालयाची फरशी चौकोनी, कडांना चुना लागलेला.
पिशवी कपाटाला टेकवली, चपला काढल्या,
आणि बसले. एक गुडघा वर, बोटं फरशीवर,
तोंड दाराकडं.
पाठ साहेबांकडं.

पंखा फिरत राहिला.
कुणीतरी फाईल घेऊन आलं आणि दारातच थबकलं.
मागं खुर्ची करकरली.