जिलाबदर

जेल रोडवरच्या पोरानं कॅसेट साफ करून
पेनड्राइव्हवर उतरवून दिली.
म्हणाला, बुरशी होती दीदी, दोनेक ठिकाणी चित्र फाटेल.
फाटलं नाही.

नव्वद सालचे गणपती, रामबागेतला मांडव,
आई हिरव्या साडीत, कमरेला रुमाल.
नाटकात तिचा नवरा जिलाबदर झालाय.
वर्षभर इंदूर जिल्ह्यात पाऊल टाकायचं नाही.
गुन्हा एवढाच, की कलेक्टरसाहेबांच्या मेव्हण्याला
भर पंगतीत फुकट्या म्हणाला.
आता तो क्षिप्रेच्या पुलापलीकडे, देवासच्या हद्दीत,
आणि ही रोज कंडक्टरबरोबर डबा धाडते.
डब्यात चिठ्ठी, चिठ्ठीला तेल.
"वरणात मीठ नाही!" तो पुलावरून ओरडतो.
"हद्दीत या, वाढते!" ही इकडून.
मांडव कोसळायचा बाकी.

नवरा झालेत रेशमवालेकाका. मिशी एका बाजूनं सुटलीय.
ते बोलतात तेव्हा बहुतेकदा दिसतच नाहीत,
नुसता आवाज. कॅमेरा आईवर.
कॅमेरा बाबांच्या हातात, मस्कतहून आणलेला,
कस्टमवाल्यांनी तीन तास अडवलेला.
अकरा वर्षांतली ही पाचवी रजा.

दुसरा बोलत असताना आई काय करते
हे मी कधी पाहिलं नव्हतं.
पदराचं टोक बोटाला गुंडाळते, सोडते,
परत गुंडाळते.
दिग्दर्शकानं सांगितलेलं नाही हे.
तालमीला मी रोज जायचे.

पहिल्या अंकात चित्र हलतं, म्हणजे बाबा हसतायत.
दुसऱ्यातही.
तिसऱ्यात हुकूम रद्द होतो, नवरा दाराशी येतो,
बॅग ठेवतो, घसा खाकरतो.
आई वळते.
"कोण हवंय आपल्याला?"

रामबाग इतकी हसली
की टेपवर आवाज चिरकला.
चित्र मात्र स्थिर.
मग सावकाश खाली उतरलं.
सतरंजी. शेवेचा चुरगळलेला कागद.
एक चप्पल, अंगठ्याला तार बांधलेली.

पुढचं नाटक ऐकूच येतं फक्त,
शिट्ट्या, पडद्याची अडकलेली कप्पी,
आणि अगदी माइकला लागून बाबा,
शेजारच्याला सांगतायत,
"बॅटरी गेली वाटतं."

त्यानंतर नऊ मिनिटं टेप चालू आहे.

आईला परवा दाखवलं.
रेशमवाल्यांच्या मिशीला ती पोटभर हसली.
सतरंजी आली, मी हात पुढे केला,
तर म्हणाली, थांब, बंद नको करूस.
ही चप्पल ह्यांची.
टाकली नव्हती मी.