गट नंबर एकशे चौदा

सातबाऱ्यावर एकच शब्द आहे : सार्वजनिक.
तलाठ्यानं तो वाचला, चष्मा पुसला,
पुन्हा वाचला,
जणू दुसऱ्या खेपेला तो थोडा आक्रसेल.

एकसष्ट आर, अनेरच्या काठाला, केळीच्या मळ्यांमागे.
पत्र्याचं शेड आमचं, जाळणाऱ्यांचं.
तारेपलीकडे तडव्यांच्या कबरी,
लिंगायत वाण्यांच्या तीन, एकीवर नंदी,
आणि पुरानं अर्धा ओढून नेलेला
गोसाव्यांचा कोपरा.
फाटकाला कुलूप गेल्या पोळ्यापासून.
किल्ली उपसरपंचाच्या भाच्याकडे.

चैत्र. त्रेचाळीस डिग्री.
पंचायतीबाहेर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत
चोपड्याहून आणलेल्या बर्फावर
अलीशिबा पावरा, सेवानिवृत्त नर्सबाई.
ट्रॉलीतून पाणी ठिबकतंय
आणि तिचे दोन्ही मुलगे त्या पाण्याकडेच बघतायत.

आत सभा.
‘त्यांचं गाव सातपुड्यात, तिकडं न्या.’
‘आज खड्डा, उद्या क्रूस.’
‘आम्ही जाळतो, आम्हाला जागा लागत नाही.
मग सगळी जागा पुरणाऱ्यांनाच का?’

मी कोकिळाबाई बडगुजर, वॉर्ड दोन, महिला राखीव.
माझा हात कधी वर करायचा
ते नवरा दारातून खुणावतो.

‘आम्ही जाळतो.’
लग्न होऊन आल्यापासून ऐकते हे.
दात न आलेलं कुणी जाळत नाही
हे मात्र सभेत कुणी बोलत नाही.

माझी नऊ दिवसांची होती.
बाराव्याला नाव ठेवणार होतो.
पांढरं कापड हाताशी नव्हतं म्हणून
अलीशिबानं दवाखान्याच्या हिरव्या फडक्यात गुंडाळलं,
त्याआधी कोमट पाण्यानं पुसून घेतलं,
कानामागेसुद्धा.
सासऱ्यांनी पिशवीत दोन किलो मीठ घेतलं,
कुत्र्यांसाठी बोराटीच्या काट्या.
बायांनी जायचं नसतं.
मी गेले नाही.
सत्तावीस वर्षं ती एकसष्ट आरांत कुठंतरी होती
आणि मला आर म्हणजे किती, तेही माहीत नव्हतं.

मी उठले. दाराकडे बघितलं नाही.
म्हटलं, किल्ली द्या.
भाच्यानं माझ्या नवऱ्याकडे बघितलं.
नवऱ्यानं स्वतःच्या चपलांकडे.

गावाचे खड्डे नामदार तडवी खणतो.
जात विचारत नाही, उंची विचारतो.
त्याला म्हटलं, माझी कुठं आहे?
त्यानं कुदळ खाली ठेवली.
‘माय, तठे व्हती.
पन गोसावीबुवाले जागा नई व्हती,
त्याले तठेच बसाडं.’

गोसाव्यांना बसवून पुरतात. मांडी घालून.
म्हणजे माझी पोर इतकी वर्षं
एका बैराग्याच्या मांडीखाली,
की मांडीवर,
नामदारला नक्की सांगता येईना.
मी मांडीवर धरलं.

माती तिथली इतर मातीसारखीच, पिवळट, पोयट्याची.
एक मुंगळा होता.
रडू येईल असं वाटलं होतं, ते आलं नाही.
आली ती तहान.

म्हटलं, नर्सबाईंचा खड्डा याला लागून घे.
‘कितली उंच?’
थोरला म्हणाला, पाच फूट एक इंच.
धाकटा म्हणाला, दोन.
तिथंच ते दोघं पहिल्यांदा रडले, त्या एका इंचावरून.

तारेपलीकडून ग्रामसेवक ओरडला,
‘ताई, ठराव काय लिहू? तुमचा हात कुठल्या बाजूला धरू?’
माझे दोन्ही हात मातीत होते.
वर करायला एकही मोकळा नव्हता.

किल्ली अजून माझ्या कनवटीला आहे.
भाचा दोनदा येऊन गेला.
दुसऱ्या वेळी चहा घेतला,
विषय काढला नाही.