दोन फ्रेमा

रिळं पुण्याहून पार्सलने यायची,
चार डबे, सुतळीने बांधलेले,
केळीच्या घडांशेजारी उतरवून ठेवलेले.
पावतीवर सही माझी:
पार्सल ऑफिसातला कारकून, आणि
भुसावळच्या फिल्म सोसायटीचा चिटणीस.
सभासद एकेचाळीस. वर्गणी भरलेले सोळा.

त्या एप्रिलात जपानी सिनेमा आला,
सोबत टंकलेला कागद. त्यात खाली, बारीक अक्षरात:
फुमिए इसोबे. एकूण चित्रपट तीन.
पुढील माहिती उपलब्ध नाही.
मी तेवढं सायक्लोस्टाइल करून खुर्च्यांवर ठेवलं.
लोकांनी वारा घ्यायला वापरलं.

नायिका दुसरीच होती.
ही नायिकेच्या घरी तांदूळ धुणारी.
धुवण ओतता ओतता
बाहेरून आगगाडी जाते, ती मान वळवते,
बस.
ध्वनिपट्टी तिथं घासलेली, गाडीला आवाजच नाही.
पण रेल्वे इन्स्टिट्यूटच्या भिंतीमागून नेमकी
नागपूरकडची मालगाडी निघाली,
खुर्च्या हलल्या, पडदा हलला,
आणि तिनं आमच्या गाडीकडे पाहिलं.

तिथंच रीळ तुटलं.

सुकलाल भावसार, शिरपूरचा ऑपरेटर,
ब्लेडने कापून, सिमेंट लावून, फुंकर घालून जोडायचा.
त्या जोडाला दोन फ्रेमा गेल्या.
म्हणजे तिची कारकीर्द, मुळात एवढीशी,
भुसावळात सेकंदाच्या बाराव्या हिश्शाने कमी झाली.
पुण्याला मी कळवलं नाही.

सुकलालच्या वर्षश्राद्धानंतर कधीतरी
त्याच्या बायकोनं तंबाखूची डबी पुढं सरकवली.
आत ती पट्टी, दोन नखांएवढी.
"हाई कोन शे?"
मी म्हटलं, नटी. जपानची. तीन सिनेमे केले.
"आन मंग?"
मंग काही नाही. कुणालाच माहीत नाही.
तिनं पट्टी खिडकीशी धरली, डोळे बारीक केले,
बाईचा चेहरा सोडून आधी तांदूळ ओळखले.
"मंग घर करं व्हई तिनी. आखो काय?"
आणि भरताचं वांगं फिरवायला आत गेली.
परत मागितली नाही.

ऊन कडक असलं की अजून काढतो.
पहिल्या फ्रेमेत तिनं मान वळवायला घेतलीय,
दुसऱ्या फ्रेमेत जरा जास्त वळलीय.
किती जास्त, ते भिंगातूनही कळत नाही.
पट्टीला वास तंबाखूचा.