चाळीस थर

ताशूरचा सूर्य वर्षभर एकाच वाटेने जातो,
म्हणून मनोऱ्याला काटे नाहीत, घंटा नाही.
तो उभा आहे, तेवढं पुरतं.
त्याची सावली शहरावरून फिरते
आणि जिच्यावर पडते त्या आळीची वेळ होते.

मेणवाल्यांच्या आळीत सकाळ.
न्यायाच्या अंगणात, दुपारच्या जरा अलीकडे,
सावली पायरीवर असेपर्यंतच साक्ष चालते;
ती सरकली की साक्षीदार अर्ध्यावर थांबतो,
उरलेलं वाक्य उद्या.

आम्ही उत्तरेचे, मिठागरांच्या कडेचे.
भर दुपारी मनोऱ्याचं टोक
आमच्या दारांपासून दोनशे पावलांवर यायचं
आणि कूस बदलून निघून जायचं.
वहीत आमच्या वस्तीपुढे नुसती रेघ होती.
आमच्यात कुणाला वय नव्हतं.
बायकांना दिवस जात नसत, मुलं व्हायची.
कर्जाला मुदत घालता येईना
म्हणून कर्ज कुणी देत नसे.
ओल्द्रेन म्हातारा नव्हता, फक्त वाकलेला होता.

मग घटिकापतींनी ठरवलं,
काळाबाहेर कुणी राहता कामा नये.
चाळीस थर चढवायचे.
माणसं हवी होती, मी गेलो.
कारकुनाने विचारलं, वय?
म्हटलं, आधी मी आईच्या खांद्याला लागायचो,
आता आई माझ्या खांद्याला लागते.
त्याने एकोणीस लिहिलं.

एकवीसशे पायऱ्या, डोक्यावर चुन्याचं घमेलं.
वरून आमची घरं दिसायची
पांढऱ्या फडक्यावर मोहरी सांडावी तशी.
एका थराला सावली पाच पावलं पुढे जायची.
मुकादम बाराख्त खालून आरसा चमकवायचा
आणि आम्ही ओरडायचो, अजून पाच!
मला अभिमान वाटत होता. लपवत नाही.
सदतिसाव्या थरात, ओल्या चुन्यात,
बोटाने आईचं नाव काढलं, नेसुवा,
आणि वर दगड बसवला.

शेवटचा थर वाळला त्या दिवशी
रजा मागून घरी पळालो.
बायकांनी पाहुणा येणार म्हणून अंगणं झाडली होती,
पाय धुवायला पाणी ठेवलं होतं.
ती आली. वीतभर रुंद, कडा पुसट.
पाण्यावरून गेली, पाणी हललं नाही.
उंबऱ्यावर आई उभी होती.
सावली तिच्या पावलांवर चढली
आणि ती खाली बसली.
बाई गं, म्हणाली, किती वेळ झाला.

हे वाक्य आमच्या वस्तीत
आधी कुणी उच्चारलेलं नव्हतं.

संध्याकाळी वही घेऊन माणूस आला.
आईचे दात बघून एकाहत्तर लिहिलं.
ओल्द्रेनला ब्याऐंशी सांगितलं,
तो दोनदा स्वतःशी पुटपुटला
आणि चौथ्या दिवशी गेला.
फायदे झाले, नाही कशाला म्हणू?
मिठाला भाव ठरला, मजुरी महिन्याला मिळू लागली.
माझ्या बहिणीचं लग्न आता वहीत आहे,
तिचा नवरा ते विसरू शकत नाही.

तरी मी हिशोब करतो.
वरचा एक थर जरी उतरवला
तरी सावली दारापासून पाच पावलं अलीकडे थांबेल.
डागडुजीला मीच असतो वर.
छिन्नी नेतो.
छिन्नी परत आणतो.

कारण आई दुपार व्हायच्या आत
खाट बाहेर ओढून तयार असते.
पेज संपेपर्यंत टिकते सावली, त्याहून जास्त नाही.
तेवढ्यात ती पाय लांब करते, डोळे मिटते.
मिठावर जन्म गेला, म्हणते,
डोक्यावर कधी सावली म्हणून नव्हती.
आणि हाताने दाखवते:
सरक जरा,
तुझ्यामुळे माझ्या पायांवर ऊन येतंय.