फोकससाठी कोट

स्वतःला चित्रित करायचं तर आधी
खुर्चीत दुसरं कुणी बसवावं लागतं.
भिंगाला रिकामी हवा धरता येत नाही,
त्याला काठ लागतो, कापड, बटण.

म्हणून झाडू उलटा उभा केला खुर्चीला टेकवून
आणि त्यावर आईचा कोट.
निळा, जाड, चियातुराच्या रोपवेवरचा,
सत्तावीस वर्षं दरीवरून खालीवर गेलेला.
डाव्या खिशात अजून सूर्यफुलाच्या बियांची टरफलं.

टेपने मोजलं: भिंगापासून कॉलरपर्यंत
एक मीटर बेचाळीस.
रिंग फिरवली. पाच पितळी बटणं
एकेक करून धुक्यातून वर आली.
चौथ्याचा दोरा काळा, बाकीच्यांचा निळा.
मग कोट उचलून पलंगावर टाकला,
कॅमेरा सुरू केला, धावत जाऊन बसले
आणि दुःख करू लागले.

माझ्यावरचा हा माझा तिसरा चित्रपट.
दुसऱ्यात मी नुसती झोपते, अकरा मिनिटं.
त्सियालाकाकू जिन्यात विचारतात,
"लामारा, तुला दुसरं कोणी मिळत नाही का गं?"
मिळतात, काकू.
पण त्यांना जेवायच्या वेळेला घरी जायचं असतं.

पहिल्या टेकला रडू आधीच फुटलं,
खुर्चीपर्यंत पोचायच्या आत.
दुसऱ्याला आलंच नाही. मी खिडकीकडे पाहिलं;
खिडकीकडे पाहिलेलं चांगलं दिसतं, हे मला ठाऊक आहे.
मग खालून मँगनीजची मालगाडी गेली, कपाटातले पेले वाजले,
आणि मी हात वर करून म्हणाले, "थांबा!"
कुणाला, कोण जाणे. खोलीत मीच होते.
त्यानंतर खरंच रडले.
तोवर कार्ड भरलं होतं.

रात्री सगळं लावून बघते.
प्रत्येक वेळी मी चार बोटं पुढे वाकलेय,
म्हणून पुसट.
खोटं रडणंही पुसट, खरं येऊ घातलेलंही तितकंच.

आणि प्रत्येक टेकच्या आधी,
कापून फेकायच्या तुकड्यात,
सात सेकंद तो कोट.
डोकं नाही, एक खांदा उतरता,
पण इतका स्वच्छ, की खिशाचा फुगवटासुद्धा दिसतो.
डब्याचं दार धरून ती अशीच उभी राहायची,
कुणी चढायचं राहिलंय का बघत.
फोटो काढू म्हटलं की म्हणायची, मी ड्यूटीवर आहे.

मी परत मागे नेते. थांबवते. मोठं करते.

चौथं बटण मी लावलं होतं, नऊ वर्षांची असताना.
सबंध चित्रपटात फोकसमध्ये मी तेवढीच.
निळा दोरा संपला होता घरातला.
तिने अंगठ्याने ओढून पाहिलं, पक्कं आहे का,
काही बोलली नाही,
कोट घातला
आणि सहाच्या पाळीला गेली.