उत्तराखाली दोन रेघा

आमच्याकडे मुलं गणित सुटलं की
उत्तराखाली दोन रेघा ओढतात.
एक म्हणजे झालं.
दोन म्हणजे आता वाद नको.
एकतीस वर्षं मी त्या रेघा तपासल्या,
येइलोच्या शाळेत.

मार्चमध्ये, हार्डांगरच्या पठारावर,
दुपारी दोनला आभाळ नि जमीन एक झाली.
वाटेवर बांबूच्या काठ्या रोवलेल्या असतात,
एकीपासून दुसरी दिसावी अशा.
एक दिसली.

हालवर म्हणाला, होकायंत्र डावीकडे सांगतंय.
मी म्हणाले, बिघडलंय.
किती सहज म्हणाले,
जणू उत्तर दिशा म्हणजे माझ्या वर्गात
उशिरा आलेलं पोरगं.

नकाशात तळं होतं, समोर नव्हतं.
म्हटलं, बर्फाखाली असेल.
चढ लागायला हवा होता, उतार लागला.
म्हटलं, चढाआधी थोडा उतार असायचाच.
प्रत्येक चुकीला मी एक वाक्य दिलं
आणि वाक्यात एकही चूक नव्हती.

चाळीसातून तेरा गेले, किती?
येईना.
हातमोजे शोधत होते,
दोन्ही हातांत हातमोजे घालून.
पाठीवर पाव होता, तपकिरी चीज,
थर्मासमध्ये बेरीचं गरम सरबत.
खायला वेळ कुठाय, मी ओरडले.

हालवर एकदा म्हणाला, थांबू या.
दुसऱ्यांदा म्हणाला नाही.
बावीस वर्षांच्या संसारात
एवढं तो शिकला होता.

वाचलो ते शहाणपणानं नाही.
माझ्या एका स्कीची पकड तुटली.
पडले, पुढे जाता येईना,
म्हणून खड्डा खणला.
त्यात गुडघे पोटाशी घेऊन पाव चावला,
आणि तिसऱ्या घासाला
कुणी न विचारता
सत्तावीस.

पहाटे वारा पडला.
निवाऱ्याची झोपडी डाव्या हाताला,
चारशे पावलांवर, धुराडं चालू.
मागे वळून पाहिलं.
रात्रभराच्या वाऱ्यानं भुसभुशीत बर्फ नेला होता,
स्कीखाली दाबलेला तेवढा
उंच उभा राहिला होता.
हालवर माझ्याच खुणांतून आलेला,
म्हणून दोनच रेघा,
समांतर, ठाम,
पार क्षितिजापासून माझ्या पायापर्यंत.

त्यानं होकायंत्र पुसलं, खिशात टाकलं.
बोलला काहीच नाही.
त्याबद्दल मी त्याला
अजून माफ केलेलं नाही.